क्रेमास्ताच्या काठावर: ग्रीसच्या एव्रितानियात पाच दिवस

पाटण तालुक्यात वाढलेल्या माणसाला ‘धरण भरलं आणि जमीन हलली’ हे वाक्य समजावून सांगावं लागत नाही. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेच्या कोयना भूकंपाची गोष्ट मी आजीकडून इतक्यांदा ऐकली आहे की ती मला माझीच आठवण वाटते. जलाशय भरल्यावर झालेल्या मोठ्या भूकंपांची चर्चा निघाली की कोयनेच्या शेजारी हमखास एक नाव येतं: क्रेमास्ता धरण, ग्रीस, १९६६. कॉलेजात असताना ते वाचलं आणि डोक्यात राहून गेलं. म्हणून मागच्या सप्टेंबरात ग्रीसला जायचं ठरलं तेव्हा मी आणि माझ्या नवऱ्याने बेटं सोडून पाच दिवस एव्रितानियाला दिले, कारण क्रेमास्ताचं तळं याच भागात पसरलंय.

एव्रितानिया मध्य ग्रीसमध्ये, पिंडोस डोंगररांगेच्या दक्षिण टोकाला आहे. क्षेत्रफळ १,८६९ चौरस किलोमीटर आणि २०११ च्या जनगणनेत माणसं २०,०८१. सपाट जागा शोधावी लागते. मुख्य गाव कार्पेनिसी समुद्रसपाटीपासून साडेनऊशे मीटरवर, आणि डोक्यावर २,३१५ मीटरचा तिम्फ्रिस्तोस. तिथले लोक त्याला वेलूखी म्हणतात, तुम्हीही तेच म्हणा. दुसऱ्या महायुद्धात जर्मन-इटालियन फौजांशी लढणाऱ्या आरिस वेलूखिओतिसने आपलं टोपणनाव याच डोंगरावरून घेतलं होतं.

अथेन्सहून लामियामार्गे कार्पेनिसीला जायचं. बस लिओसिऑन रस्त्यावरच्या स्थानकातून सुटते. प्रवासात अर्धा दिवस जातो असं धरा. पण बसने फक्त कार्पेनिसी होईल. खोऱ्यांत शिरायचं तर गाडी भाड्याने घ्यावीच लागते. भारतातून निघण्याआधी आरटीओतून आंतरराष्ट्रीय परवाना काढून ठेवा. आम्ही छोटी गाडी घेतली ते बरं झालं, कारण गावांतल्या गल्ल्या दगडी आणि अरुंद आहेत. पेट्रोल कार्पेनिसीत भरून घ्या, रोख युरोही तिथेच काढा. पावसानंतर वळणावळणाला दरडीचे दगड पडलेले असतात, तेव्हा अंधार पडायच्या आत मुक्कामी पोचायचं हा नियम आम्ही दुसऱ्या दिवसापासून पाळला. पहिल्या दिवशी पाळला नव्हता. फोनच्या नकाशाने ‘जवळचा रस्ता’ म्हणून कच्च्या वाटेवर घातलं, रेंज गेली, आणि गाडी वळवायलाही जागा नव्हती. मी खाली उतरून टॉर्च दाखवत होते आणि नवरा इंच इंच मागे घेत होता. तेव्हा नकाशा आधीच डाउनलोड करा, आणि तरीही वाट विचारायची ती माणसालाच.

उत्तरेच्या डोंगरांना आग्राफा म्हणतात. अर्थ ‘न लिहिलेले’. ऑटोमन कारकुनांना हे डोंगर पुरते मोजता आले नाहीत, गावं करवहीत चढलीच नाहीत, म्हणून हे नाव, असं सांगतात. १५२५ च्या तामासीच्या कराराने इथल्या गावांनी ठरलेली वार्षिक रक्कम भरायची आणि आपला कारभार आपण बघायचा असं मान्य झालं. हे सगळं आधी वाचलं होतं, पण ते कळलं तिथल्या एका वळणावर उभं राहिल्यावर. समोरच्या डोंगरावर एक गाव दिसत होतं, हाक मारली तर ऐकू जाईल इतकं जवळ. तिथे पोचायला आम्हाला दीड तास लागला. आधी खाली नदीपर्यंत, मग पलीकडे वर. घोड्यावरून येणारा वसूलदार इथे किती वेळा आला असता! आग्राफातले काही रस्ते अजून कच्चे आहेत, त्यामुळे तिथे जाण्यापूर्वी कार्पेनिसीत चौकशी करा.

कार्पेनिसीजवळच केफालोव्रिसो आहे. ऑगस्ट १८२३ मध्ये, ग्रीक स्वातंत्र्ययुद्धात, मार्कोस बोत्सारिस या ग्रीक सेनानीने रात्री ऑटोमन छावणीवर छापा घातला आणि तो तिथेच पडला. गनिमी काव्यावर वाढलेल्या आपल्या माणसांना ही जागा चुकवावीशी वाटणार नाही.

मला जास्त भिडलं ते कोरिस्खादेस, कार्पेनिसीपासून अगदी थोड्या अंतरावरचं गाव. मे १९४४ मध्ये, देश जर्मनांच्या ताब्यात असताना, इथल्या शाळेत मुक्त डोंगराळ भागाची राष्ट्रीय परिषद भरली. तिच्या निवडणुकीत ग्रीसमधल्या बायकांनी पहिल्यांदा देशपातळीवर मतदान केलं. ती शाळा आता संग्रहालय आहे. निघण्यापूर्वी वेळ विचारून घ्या, आम्ही गेलो तेव्हा आधी दार बंदच होतं.

दक्षिणेला कार्पेनिसिओतिस नदीच्या खोऱ्यात मेगालो खोरिओ आणि मिक्रो खोरिओ, म्हणजे मोठं गाव आणि छोटं गाव. १३ जानेवारी १९६३ ला जुन्या मिक्रो खोरिओवर डोंगर कोसळला, १३ माणसं गेली. मग नवं गाव दुसरीकडे वसवलं. जुन्या गावात जरूर थांबा. हाच रस्ता पुढे प्रूसोसच्या मठापर्यंत जातो. वाटेत कड्यावर फिकट डाग दिसतात, ती मेरीमातेची पावलं असं भाविक मानतात. मठ कड्याच्या पोटाशी चिकटून बांधलाय. २३ ऑगस्टला इथे जत्रा असते. त्या दिवसांत खोली मिळणं कठीण, आणि गुडघे-खांदे झाकलेले कपडे तर एरवीही हवेत. पांता व्रेही नावाची घळ आम्हाला जमली नाही. तिथे नदीच्या पात्रातून चालावं लागतं, तेव्हा भर उन्हाळ्यातच जा. नावाचा अर्थ ‘सदा पाऊस’, कारण कड्यांवरून बारा महिने पाणी ठिबकतं.

मुक्काम एका छोट्या घरगुती गेस्टहाउसमध्ये होता. तिथल्या आजींनी पहिल्या संध्याकाळी बशीत एक काळाभोर गोळा आणून ठेवला, सोबत चमचा आणि थंड पाण्याचा पेला. कोवळा अख्खा अक्रोड, सालासकट, पाकात मुरवलेला. आपल्या मोरावळ्याची आठवण यावी अशी चव, पण मागे किंचित तुरट. शाकाहारी असाल तर अजिबात घाबरू नका: ‘पिता’ म्हणजे पालेभाजी किंवा चीज भरून भाजलेला पाय, मोठ्या पांढऱ्या घेवड्याची भाजी, त्राहानाचं (दुधात मुरवून वाळवलेल्या गव्हाच्या चुऱ्याचं) सूप, उत्तम फेटा चीज. ‘होरीस क्रेआस’, म्हणजे मांसाशिवाय, एवढे दोन शब्द पाठ करा.

दुसऱ्या संध्याकाळी नातीच्या मध्यस्थीने मी त्या आजींना क्रेमास्ताबद्दल विचारलं. त्यांचं माहेर आता पाण्याखाली आहे. १९६५ च्या जुलैमध्ये पाणी साठायला लागलं आणि पुढच्या फेब्रुवारीच्या ५ तारखेला ६.२ तीव्रतेचा धक्का बसला. मी नातीला सांगितलं, माझ्याही गावाकडे असंच झालं, पुढच्याच वर्षी. तिने ते ग्रीकमध्ये सांगितल्यावर आजी बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग त्यांनी विचारलं, ‘तुमच्या आजीची भांडी पडली होती का फळीवरून?’ पडली होती. माझी आजीही गोष्ट तिथूनच सुरू करायची.

जलाशय पाहायचा तर कार्पेनिसीहून पश्चिमेला उतरायचं, मेग्दोवाचा पूल ओलांडून फ्रांगिस्ताच्या पुढे. आखेलोस, आग्राफिओतिस, मेग्दोवा आणि त्रिकेरिओतिस या नद्यांचं पाणी या एका तळ्यात येतं. ग्रीसमधलं हे सर्वांत मोठं कृत्रिम तळं. तातार्नाच्या लांबलचक पुलावर गाडी न थांबवता पलीकडे जाऊन लावा आणि चालत परत या. सकाळी आठला आमच्याशिवाय तिथे कोणी नव्हतं. पाणी उतरलेलं होतं आणि काठाला मातीचे फिके पट्टे दिसत होते, कोयनेच्या शिवसागर जलाशयाच्या काठाला उन्हाळ्यात दिसतात तसेच.

हिवाळ्यात जाणार असाल तर चाकांच्या साखळ्या बरोबर ठेवा, वेलूखीवर स्कीईंग चालतं इतका बर्फ असतो. चालायला मे-जून किंवा सप्टेंबर-ऑक्टोबर चांगले.

आणि अथेन्सला परतल्यावर एक सकाळ राखून ठेवा. एव्हांगेलिस्मोस मेट्रो स्थानकाजवळ बायझंटाइन संग्रहालय आहे. क्रेमास्ताच्या पाण्याखाली जाणाऱ्या एपिस्कोपी गावच्या चर्चमधली भित्तिचित्रं भिंतीवरून सोडवून तिथे आणली आहेत. एकाच भिंतीवर वेगवेगळ्या शतकांत एकावर एक चढवलेले रंगाचे थर, आता वेगळे करून मांडलेले. मी त्यांचे फोटो काढून गेस्टहाउसच्या नातीला पाठवले. रात्री तिचा निरोप आला: आजी म्हणतात, डावीकडचा संत आमच्या बाजूच्या खिडकीपाशी होता.