आमची वाटचाल : लग्नाचा कॅमेरा तलावाच्या पाळीवर

आमचा मूळ धंदा लग्नाच्या शूटिंगचा, नागपूरच्या महाल भागात माडीवर छोटंसं ऑफिस, दोन कॅमेरे, एक कॉम्प्युटर आणि एडिटिंगला बायको. सीझन संपला की रिकामेच. २०११ च्या पावसाळ्यात ओळखीच्या गुरुजींनी विचारलं, पोरांना आपल्या भागाचा इतिहास दाखवायला काही आहे का, आम्ही शोधलं तर शाळेत चालेल असं मराठीत काही सापडलंच नाही, मग म्हटलं आपणच बनवू.

पहिल्या फिल्ममध्ये सगळंच कोंबलं. नागपूर वसवणारा बख्त बुलंद शाह, भोसले, १८१७ ची सीताबर्डीची लढाई, १८७७ ची एम्प्रेस मिल, १९५३ चा नागपूर करार, १ मे १९६०... चाळीस मिनिटं! पोरं दहाव्या मिनिटालाच चुळबुळायला लागली, फक्त मिलचा म्हातारा कामगार भोंग्याबद्दल बोलायला लागला तेव्हा वर्ग चिडीचूप. त्यावरून शिकलो, एक फिल्म एक विषय आणि बारा मिनिटं.

दुसरी फिल्म मामा तलावांवर. मामा म्हणजे माजी मालगुजारी, मालगुजार म्हणजे गावाचा सारा गोळा करणारे जमीनदार, तलाव त्यांचे, १९५१ मध्ये मालगुजारी गेली आणि तलाव सरकारजमा झाले पण नाव तेच राहिलं. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीकडची धानाची शेती कितीतरी पिढ्या यांच्यावर उभी आहे, आणि तलाव बांधण्यात कोहळी समाजाचा हात केवढा मोठा, हे नागपुरात राहून मलाही माहीत नव्हतं. गोंदियाकडच्या एका शाळेत कच्चा कट दाखवला, त्यात तलावातून पाणी सोडायच्या जागेला आम्ही पुस्तकी शब्द घातला होता ‘झडप’, तर पाचवीतली एक पोरगी उठून म्हणाली, सर ते तुडुम आहे. दुसऱ्या दिवशी तिच्या आजोबांनी कमरेएवढ्या पाण्यात उतरून दाखवलं, एकाखाली एक भोकं, प्रत्येकाला खुंटी, पाणी उतरेल तशी खालची खुंटी काढायची की पाटाला पाणी लागतं. तेव्हापासून रेकॉर्डिंगच्या आधी स्क्रिप्ट गावात वाचून दाखवतो, त्यात आठ-दहा दिवस जास्त जातात, जाऊ द्या.

पैसा अजूनही लग्नातूनच येतो हे खरं आहे, शाळा सीडी-पेनड्राइव्हचे थोडेफार देतात, त्यात डिझेल निघतं. पण दरवर्षी एक तरी फिल्म करतोच.

सध्या गोसीखुर्दवर काम चालू आहे. पायाभरणी १९८८ ची, वैनगंगेवरचं धरण, सिंचन किती झालं ते दाखवणारच, पण गावं उठली तेही दाखवायचं आहे. पुनर्वसनातल्या एका आजीनं अंगणात काडीनं जुनं गाव काढून दाखवलं, हे मारुतीचं देऊळ, ही विहीर, हे माझं घर. शॉट सहा मिनिटांचा झालाय. बायको म्हणाली, हा कापायचा नाही, फिल्म अठरा मिनिटांची झाली तरी चालेल.