निळं दाखवा, निळं!

पाऊस ओसरला की आंबोलीला फुलपाखरांसाठी जावं. धबधब्यापाशी रविवारी काय चालतं त्यावर मी लिहायला बसले तर फुलपाखरांपर्यंत पोचायचेच नाही. घाट, धुकं, ओले मोजे, सगळं झालं असं समजा.

आमच्या गटाला हवा होता नीलवंत, म्हणजे ब्लू मॉर्मन. २०१५ साली महाराष्ट्राचं राज्य फुलपाखरू झाल्यापासून त्याचा भाव वधारलाय. काळ्या मखमली पंखांवरची निळाई मिरवत तो डोक्यावरून गेला, सगळ्यांचे कॅमेरे खडखडले. दिसला, छान झालं.

पुढे वाटाड्याने एका खोडाकडे बोट केलं. मला खोडाला चिकटलेलं वाळकं पान दिसलं. ते ब्लू ओकलीफ नावाचं फुलपाखरू होतं, खोडातून पाझरणारा रस पीत बसलेलं. मागच्या पंखाची शेपटी म्हणजे देठ, आणि तिथून पुढच्या पंखाच्या टोकापर्यंत गेलेली पानाची मधली शीर. ही शीर एका पंखावर नसतेच! अर्धी पुढच्या पंखावर, अर्धी मागच्या. कोशात दोन्ही पंख वेगवेगळे घडतात, आणि फुलपाखरू पंख मिटून नीट बसलं की तुकडे जुळतात. उडताना शीर नाही, पान नाही, काही नाही. वर बुरशी धरल्यासारखे काळपट डागसुद्धा. शेजारच्या खोडावर आणखी एक होतं, ते जरा पिवळट, डाग निराळे. वाळकी पानं तरी कुठे एकसारखी असतात? सगळी ओकलीफ एकाच छापाची असती, तर पक्ष्यांनी तो छाप कधीच पाठ केला असता.

आणि हे सगळं डोळ्यांसमोर असताना गटातले एक गृहस्थ म्हणाले, "असं बंद काय बघायचं? निळं दाखवा, निळं!" आणि काडीने ढोसलं. माझं डोकंच फिरलं. पंखावरचे खवले बोटाला पावडरीसारखे लागतात ते पुन्हा उगवत नाहीत. रांगोळीच्या ठिपक्यांसारखी त्यांचीच तर नक्षी असते, एकेका खवल्याला बहुधा एकच रंग. बरं, फुलपाखरांतला बहुतेक निळा हा रंगद्रव्याचा नसतोच, खवल्यांच्या सूक्ष्म रचनेवर उजेड पडून तो दिसतो. म्हणजे गृहस्थांना हवं होतं ते नुसतं उजेडाचं खेळणं! ओकलीफने पंख उघडले, निळं लखलखलं, आणि ते पाचोळ्यात उतरून मिटलं. मग डझनभर माणसं वाकून पानं न्याहाळत राहिली. कुणाला म्हणून सापडलं नाही. मला मनापासून आनंद झाला.

पुढची चाल, जळवा, कोरडं झालेलं जेवण, यांवर तक्रार आहे पण राहू दे. संध्याकाळी मुक्कामाच्या व्हरांड्यात दिव्याजवळ कॉमन इव्हनिंग ब्राऊन फुलपाखरं येऊन बसली. पावसाळी पिढीच्या पंखांखाली ठसठशीत डोळे, म्हणजे डोळ्यांसारखे ठिपके, असतात. कोरड्या ऋतूतली पिढी पाचोळ्यात लपते, म्हणून तिच्या पंखांवरचे डोळे जवळजवळ पुसले जातात. एकच जात, ऋतूप्रमाणे दोन नक्ष्या. भिंतीवर दोन्ही तऱ्हा शेजारी शेजारी बसल्या होत्या. आमचे गृहस्थ तिथेच खुर्चीत नीलवंताचे फोटो चाळत होते. त्यांनी एकदा वर पाहिलं आणि पुन्हा मान खाली घातली. काडी काही निघाली नाही.