बोर्निओचा मामा

फेब्रुवारीत ओहायोमध्ये सहा वर्षांच्या पोराला घेऊन घरात बसणं काय असतं, ते इथे राहिल्याशिवाय कळायचं नाही. बाहेर काळपट पडलेला बर्फ आणि आत सोफ्यावरून उड्या. त्यामुळे लायब्ररीच्या जुन्या सामानाच्या विक्रीत ‘लिटल रास्कल्स’चा डीव्हीडी-संच दिसला तेव्हा मी तो घासाघीस न करता उचलला. (इथे घासाघीस चालत नाही, पण सवय.)

गल्लीतली पोरं, त्यांचे उद्योग आणि डोळ्याभोवती काळं वर्तुळ असलेला कुत्रा, असा सगळा प्रकार. हॅल रोच या निर्मात्याने 1922 मध्ये ‘अवर गँग’ नावाने ही लघुपटमाला सुरू केली. पुढे ती एमजीएम या चित्रपट कंपनीकडे गेली आणि 1944 पर्यंत एकूण 220 लघुपट निघाले. ‘लिटल रास्कल्स’ हे टीव्हीवरचं नाव, 1955 नंतरचं.

आमच्या हाताला लागला 1933 चा ‘द किड फ्रॉम बोर्निओ’. मुलांचा मामा जत्रेत खेळ घेऊन आलाय. मुलं भेटायला जातात आणि मामा समजून भलत्यालाच घरी आणतात. हा भलता म्हणजे तंबूतला ‘बोर्निओचा रानटी माणूस’, बंबो. त्याला येतं एवढंच एक वाक्य, ‘यम यम, ईट देम अप!’ त्याला हवी असते गोळी-चॉकलेट, पोरांना वाटतं मामा आपल्यालाच खाणार. मग घरभर पळापळ. साडेचार वर्षांचा स्पँकी स्वतःचा जीव वाचवायला बर्फाच्या कपाटातला एकेक जिन्नस काढून त्याला भरवत सुटतो. स्पँकीचा तो गंभीर चेहरा! एखाद्या पंगतीत वाढप्याने आग्रह करावा तसा. मी हसून हसून आडवा झालो. खोटं कशाला सांगू.

रात्री दात घासताना पोरगं आरशात डोळे वटारून ओरडलं, ‘यम यम, ईट देम अप!’ आणि माझ्या पोटात गोळा आला. सोमवारी शाळेची बस. बसमध्ये याच्या शेजारी बसतो तो याचा जिवलग मित्र, काळा. आमचं येडं त्याच्या तोंडावर हेच ओरडणार.

पोरगं झोपल्यावर मी शोधत बसलो. बंबो झालेल्या माणसाचं नाव जॉन लेस्टर जॉन्सन. हा मुष्टियोद्धा. 1916 मध्ये न्यूयॉर्कला याने जॅक डेम्प्सीच्या बरगड्या मोडल्या होत्या. तोच डेम्प्सी तीन वर्षांनी जगज्जेता झाला. आणि इकडे बरगड्या मोडणारा कमरेला कातडं गुंडाळून, एका पोराने मागून फटाका सोडला म्हणून पळतोय.

त्याहून गंमत पुढेच. ‘बोर्निओचे रानटी’ ही अमेरिकेच्या जत्रांमधली फार जुनी टूम. एकोणिसाव्या शतकात बार्नम या सर्कसवाल्याच्या खेळांत जे दोघं या नावाने मिरवले ते हायरम आणि बार्नी डेव्हिस, सख्खे भाऊ. साडेतीन फुटांच्या आतबाहेर उंची, बुद्धीने अधू, वर्णाने गोरे. राहणारे कुठले, तर ओहायोतल्याच माउंट व्हर्ननचे. म्हणजे आमच्या कोलंबसपासून गाडीने तासाभरावर! बोर्निओ त्यांनी बघितलंसुद्धा नव्हतं.

1971 मध्ये टीव्हीच्या संचातून हा लघुपट गाळला गेला. योग्यच, असं मला त्या रात्री वाटलं. रविवारी शेजारच्या बाई गाजराचा केक घेऊन आल्या आणि गुंता वाढला. अलाबामात वाढलेल्या, काळ्या, निवृत्त नर्स. आम्ही सगळे त्यांना ‘मिस’ लावूनच हाक मारतो. टेबलावरचा डीव्हीडींचा डबा बघून त्या एकदम उजळल्या. ‘स्टायमी!’ म्हणाल्या.

स्टायमी म्हणजे मॅथ्यू बिअर्ड, डोक्यावर मोठ्ठी गोल हॅट घालणारा काळा पोरगा. लघुपटांत काळी पोरं भुताला भ्यायली की डोळे गरगरा फिरवतात, केस ताठ उभे राहतात, हे विनोद पदोपदी. पण हा स्टायमी गोऱ्या पोरांच्या बरोबरीने बसतो आणि गोड बोलून त्यांनाच टोपी घालतो. शाळांतला वर्णभेद सुप्रीम कोर्टाने बेकायदा ठरवला तो 1954 मध्ये, त्याच्या वीसेक वर्षं आधीची ही गोष्ट. बाई म्हणाल्या, ‘तो आला की आम्ही भावंडं टीव्हीला चिकटायचो. बंबो आला की वडील उठून टीव्ही बंद करायचे. काही बोलायचे नाहीत.’

मी काय बोलणार? मला माझंच आठवत होतं. तिसरीचं स्नेहसंमेलन, सांगली. ‘आदिवासी नृत्य’. आम्ही बारा पोरं, कमरेला अशोकाची पानं, हातात थर्माकोलचे भाले, तोंडाने ‘झिंगालाला हुर्र’. आईने तव्याची काजळी खोबरेल तेलात कालवून मला मानेपासून घोट्यापर्यंत फासली होती. दोन दिवस कानामागचं काळं निघालं नव्हतं. पहिलं बक्षीस, स्टीलचा डबा. नाचात एक कढई होती आणि कढईत एक ‘साहेब’. वर्गात एक कातकरी मुलगा होता. त्याला नाचात घेतलं नव्हतं. तो प्रेक्षकांत बसला होता की घरी गेला होता, हे खूप आठवूनही आठवत नाही.

संध्याकाळी आईला फोन लावला. सगळं सांगितलं. ती म्हणाली, ‘अरे, किती गोड दिसत होतास तू! थांब, फोटो पाठवते, नातवाला दाखव.’

फोटो आला. पांढरे दात, पांढरे डोळे, बाकी सगळी काजळी. पोरगं पलीकडे लेगो लावत बसलं होतं. मी फोन उपडा करून टेबलावर ठेवला आणि त्याला म्हणालो, ‘इकडे ये जरा, उद्याच्या बसबद्दल बोलायचंय.’