'बार्कस्किन्स' संपली, पण खरी गोष्ट पुढे आहे

'बार्कस्किन्स' पुन्हा बघून काढली. नॅशनल जिओग्राफिकची २०२०ची मालिका, आठच भाग. काळ १६९०च्या दशकातला, मुलूख न्यू फ्रान्स ही फ्रेंच वसाहत, म्हणजे आजचं कॅनडातलं क्वेबेक. मॉन्ट्रियलला राहायला आल्यापासून या इतिहासाने मला धरूनच ठेवलंय.

मालिकेत मला सगळ्यात भिडते ती मारी. जंगल तोडून आपलं राज्य उभं करायला निघालेल्या फ्रेंच ट्रेपॅग्नीच्या मुलाची ही वेंडाट, म्हणजे तिथल्या एका मूळ रहिवासी जमातीतली, आई. आणि हा गडी प्रतिष्ठेसाठी फ्रान्सहून आलेल्या मेलिसांदशी लग्न लावतो! घर मारीने राखलेलं, मालकीण दुसरीच. मारी झालेली कनीतियो हॉर्न ही मोहॉक या मूळ रहिवासी जमातीतली अभिनेत्री अपमान गिळते, पण कुठे लाचार दिसत नाही.

मेलिसांदसारख्या, लग्नासाठी फ्रान्सच्या राजाने पाठवलेल्या मुली खरं तर १६६३ ते १६७३ या काळात आल्या, सुमारे ८०० जणी. मालिकेत त्या वीसेक वर्षं उशिरा येतात. तेवढं चालवून घेईन. चालत नाही ते हे, की वस्तीवरच्या कत्तलीचा संशय, सूड, पुन्हा संशय यातच भाग संपतात आणि मूळ रहिवाशांचं राजकारण कडेलाच राहतं.

ते राजकारण किती मोठं होतं! १७०१च्या उन्हाळ्यात मूळ रहिवाशांच्या जवळपास चाळीस राष्ट्रांचे तेराशेच्या आसपास प्रतिनिधी मॉन्ट्रियलला फ्रेंचांशी आणि आपसांत तहासाठी जमले. अट होती एकमेकांचे कैदी परत करायची. बाकीच्यांनी आणले, इरोक्वा (मोहॉकांसह काही राष्ट्रांचा संघ) रिकाम्या हाताने आले. बोलणी फिसकटणारच होती. त्यात साथीचा ताप पसरलेला. वेंडाट नेता कोंडियारोंक तापाने इतका खचला होता की उभं राहवेना. १ ऑगस्टला आरामखुर्चीत बसून तो सुमारे दोन तास बोलला, सगळ्यांना तहापर्यंत आणलं आणि त्याच रात्री गेला. ४ ऑगस्टला सह्या झाल्या. सह्या म्हणजे प्राण्या-पक्ष्यांची चित्रं. वेंडाटांची खूण मस्करॅट या पाण्यात राहणाऱ्या उंदरासारख्या प्राण्याची, म्हणजे कोंडियारोंकचीच.

मॉन्ट्रियलच्या माउंट रॉयल टेकडीवर जिथून सगळं शहर दिसतं, त्या प्रशस्त गच्चीला त्याचं नाव आहे. भारतातून कुणी आलं की मी तिथे नेते आणि फोटो काढायच्या आधी हे सगळं सांगते.

या तहावर कुणीतरी मालिका करावी. आठ भाग नुसत्या त्या उन्हाळ्याचे. कोंडियारोंकच्या भूमिकेत वेंडाट नट हवा, आणि ते दोन तासांचं भाषण एका अख्ख्या भागात, काटछाट न करता.