पावसाळी हवेतला तांबडा भोपळा : माझा अनुभव

तांबड्या भोपळ्याला ऊन हवं, पाणीही हवं. पण पानं सतत ओली राहिलेली त्याला सोसत नाहीत. आमच्या वाळवा तालुक्यात कृष्णाकाठच्या काळ्या रानात पावसाळ्यात नेमकं तेच होतं. उकाडा, दमट हवा, आणि वाफसा (जादा पाणी निथळून माती मोकळी होणं) म्हणून येत नाही. म्हणून बी उंच गादीवाफ्यावर टोकलं, खाली कुजलेलं शेणखत घातलं आणि वेलांत ऐसपैस अंतर ठेवलं. वारं खेळलं की केवड्याचा, म्हणजे पानांवर पिवळे डाग पाडणाऱ्या बुरशीरोगाचा, जोर कमी राहतो.

रोपं लहान असताना तांबडे भुंगेरे पानं चाळणीसारखी करतात. भल्या सकाळी ते सुस्त असतात, तेव्हाच वेचून घेतले.

खरी कसोटी फुलांची. आधी येतात ती नर फुलं, आणि उकाड्यात तीच जास्त. ती गळताना पाहून शेजारी औषध मारायला सांगत होते, पण यात रोग काहीच नसतो. मादी फुलाच्या बुडाशी इवलासा भोपळा दिसेपर्यंत धीर धरायचा. फूल पहाटे उमलतं आणि ऊन चढलं की मिटतं. पावसाची झड असेल तर मधमाश्या फिरकत नाहीत, आणि भिजलेला पराग वाया जातो. त्यामुळे दुसऱ्या दिवशी उमलणाऱ्या, पिवळ्या पडलेल्या नर-मादी कळ्यांवर मी संध्याकाळीच कागदी पिशव्या चढवायचो. उजाडलं की नर फूल तोडून, पाकळ्या काढून, त्याचा पराग मादी फुलात हलक्या हाताने फिरवायचा. एवढ्या कामानेच फळ धरलं.

मग फळमाशी. कोवळ्या फळात ती अंडी घालते आणि फळ आतून सडतं. क्यू-ल्यूरचे (नर माशीला ओढणाऱ्या आमिषाचे) सापळे लावले, सडलेली फळं खोल पुरली. उकिरड्यावर टाकली तर माशी पुन्हा रानातच येते. ज्यांना माशीचा फारच त्रास आहे त्यांनी अर्का सूर्यमुखी हा भोपळ्याचा वाण लावावा, तो तिला बऱ्यापैकी दाद देत नाही. भुरीवर (पानांवर पांढरी पूड दिसणाऱ्या बुरशीरोगावर) गंधक मारायचं तर कडक ऊन टाळा, वेलवर्गीय पानं लगेच करपतात.

फळाखाली उसाचं पाचट अंथरलं, म्हणजे ओल्या मातीला टेकत नाही. देठ वाळून खडबडीत झाला, सालीत नख रुतेना, तेव्हा देठ ठेवूनच काढले. बियाण्यासाठी मात्र पिशवीतल्या फुलांचीच फळं राखली, कारण त्यांत परक्या वाणाचा पराग शिरलेला नसतो.