ग्रॅम्बलिंगचे कोच रॉब

डलासहून अटलांटाला गाडीने निघालो तेव्हा भाच्याची एकच अट होती: वाटेत लुइझियानात ग्रॅम्बलिंगला थांबायचं. श्रीव्हपोर्टपासून तासाभरावर, हायवेपासून थोडं आत असलेलं हे कॉलेजचं छोटंसं गाव. एडी रॉबिन्सन या अमेरिकन फुटबॉलच्या प्रशिक्षकाचं संग्रहालय तिथे आहे. सगळे त्यांना 'कोच रॉब' म्हणायचे. 1941 ते 1997 त्यांनी याच कॉलेजचा संघ सांभाळला आणि 408 सामने जिंकले. त्यांचे दोनशेहून जास्त खेळाडू व्यावसायिक फुटबॉलमध्ये गेले.

भाचा हे आकडे मला गाडीतच ऐकवत होता. मला मात्र सँडविचची गोष्ट लागली.

ग्रॅम्बलिंग हे काळ्या विद्यार्थ्यांचं कॉलेज. रॉबिन्सन आले तेव्हा पगार होता महिना 63.75 डॉलर. मैदानावरचं गवत कापणं, चुन्याच्या रेघा आखणं, खेळाडूंच्या घोट्यांना पट्ट्या बांधणं, सगळं तेच करत. सामन्याला परगावी निघायचं तर सँडविचही तेच करून घेत, कारण दक्षिणेतल्या रस्त्यांवरच्या हॉटेलांत या मुलांना बसून जेवू देत नसत. दिवसभर धडका घेणारी, आडदांड, भुकेली पोरं, आणि वाटेत एकही दार उघडं नाही! हॉटेलांतला हा भेदभाव बेकायदा ठरला 1964 साली. तोवर रॉबिन्सनना कॉलेजात येऊन तेवीस वर्षं झाली होती.

आम्ही त्याच मुलखातून सकाळपासून मन मानेल तिथे थांबत, कॉफी पीत आलो होतो. कुणी विचारलं नाही, अडवलं नाही. काळ्यांच्या नागरी हक्कांच्या चळवळीने हा बदल घडवला, आणि तिच्याच लाटेत पुढच्या वर्षी, 1965 मध्ये, इमिग्रेशनचा कायदा बदलला आणि आपल्यासारख्यांना अमेरिकेची दारं खऱ्या अर्थाने उघडली. आपल्या घरांतून हे फारसं बोललं जात नाही, याचा मला तिथे उभ्या उभ्या राग आला. भाच्याला तिथेच सगळं सांगितलं. तो पहिल्यांदाच फुटबॉल सोडून दुसरं काही विचारत होता.

मग त्याने मला डग विल्यम्सबद्दल सांगितलं. हा रॉबिन्सनचा चेला. क्वार्टरबॅक म्हणजे संघाचा मेंदू. ते काम काळ्या खेळाडूला झेपणार नाही, असं बेधडक म्हटलं जाई. जानेवारी 1988 मध्ये विल्यम्सने वॉशिंग्टनच्या संघाला सुपर बोल, म्हणजे व्यावसायिक फुटबॉलचा अंतिम सामना, जिंकून दिला, तोही 42-10 असा, आणि सामन्याचा मानकरीही तोच ठरला. क्वार्टरबॅक म्हणून सुपर बोल जिंकणारा तो पहिला काळा खेळाडू.

अटलांटाचं काय सांगू? गर्दी, पार्किंगचे चढे दर, आणि एक लग्न. ते छान झालं.

रॉबिन्सनची शेवटची वर्षं मात्र वाईट गेली. ओळीने तीन हंगाम हरण्याचेच गेले, आणि त्यांना निवृत्त करा म्हणून दबाव आला. इतकी वर्षं दिलेल्या माणसाला निरोपाचा एक हंगाम मिळावा म्हणून लोकांना आवाज उठवावा लागला, हे मला अजून खुपतं. 1998 मध्ये त्यांची जागा घेतली ती डग विल्यम्सनेच, आणि 2000 पासून लागोपाठ तीन वर्षं ग्रॅम्बलिंगने आपल्या गटाचं विजेतेपद जिंकलं. रॉबिन्सन गेले 2007 मध्ये. चेल्याचं हे यश त्यांच्या हयातीतच आलं.