चहात बुडवलेले चौदा झगे

फिनलंड आणि सोव्हिएत संघ यांच्यातील १९३९-४० च्या हिवाळी युद्धावरील एका फिनिश चित्रपटासाठी मी वेशभूषा साहाय्यक म्हणून काम केले. वेशभूषा आणि कलादिग्दर्शन ही दोन्ही खाती एकाच बाईंकडे होती आणि माझी निम्मी शिदोरी त्यांनी दिलेली आहे. त्यातला एक दिवस अजून मनातून जात नाही.

चित्रण कैनू प्रांतात, सुओमुस्सल्मीच्या जंगलात होते. बावीस सैनिक पांढरे झगे घालून स्कीवरून पाइनच्या झाडांतून येतात, एवढाच प्रसंग. पांढरे कापड आणले, शिवले, की काम संपले असे बाहेरच्याला वाटते. पण आजच्या पांढऱ्या सुती कापडात आणि धुण्याच्या पावडरीत उजळक द्रव्य असते. ते अतिनील किरण शोषून निळसर प्रकाश बाहेर टाकते, त्यामुळे असा झगा बर्फात लपण्याऐवजी उठून दिसतो. त्या काळी कित्येक झगे बायकांनी घरच्या चादरींतून शिवले होते. त्या चादरींना ही झळाळी कुठून असणार? म्हणून मी प्रत्येक झगा काळ्या चहाच्या पाण्यात बुडवून त्याचा रंग मोडला होता.

आदल्या संध्याकाळी निर्मिती विभागाने आम्हाला न विचारता ते सगळे झगे लाँड्रीत दिले. वेशभूषेचा कपडा म्हणजे मळलेला कपडा, एवढीच ज्यांची समज आहे, त्यांच्या हाती आमच्या खोलीची किल्ली असू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. पहाटे पाच वाजता मी अतिनील विजेरी मारली, तेव्हा बावीसच्या बावीस झगे निळे पेटले.

जेवणाच्या तंबूतल्या दोन मोठ्या पातेल्यांत चहा उकळून गाळला आणि एका वेळी दोनच झगे घातले, कारण कापड सैल फिरले नाही तर घडीच्या जागी डाग पडतो. ओले कापड नेहमी गडद दिसते, म्हणून प्रत्येक खेपेला त्याच कापडाची चिंधी सोबत बुडवायची, इस्त्रीने वाळवायची आणि मगच रंग ठरवायचा. बाहेर उणे वीस अंश होते. तिथे ओला झगा फळीसारखा ताठ होतो. आम्ही ते सौनाच्या, म्हणजे फिनिश पद्धतीच्या गरम स्नानगृहाच्या, बाकांवर पसरून वाळवले. प्रकाश हातचा जाण्याआधी चौदा झगे तयार झाले.

उरलेल्या आठ जणांचे काय करायचे, हे बाईंनी मिनिटभरात ठरवले. युद्धाच्या सुरुवातीला सैन्याकडे गणवेश अपुरे होते आणि कित्येकांना फक्त पट्टा आणि टोपीवरचा बिल्ला मिळाला; बाकी कपडे त्यांचे घरचेच. तत्कालीन पंतप्रधानांच्या नावावरून लोक त्याला ‘कायान्देर मॉडेल’ म्हणत. आम्ही त्या आठ जणांना घरगुती ओव्हरकोट, पट्टा आणि बिल्ला दिला. त्यांतल्या एका तरुणाने कोटाची बटणे लावता लावता मला विचारले, “या प्रसंगात आम्ही मरणार आहोत का?” पटकथेत तसे काही नव्हते.

संकलनाच्या खोलीत मी तो प्रसंग पाहिला, तेव्हा चौदा सैनिक बर्फात विरघळत होते आणि नजर त्या आठ काळ्या आकृत्यांवरून हलत नव्हती. दिग्दर्शकाला तेच सर्वांत खरे वाटले. इतिहासाच्या दृष्टीने बाईंचा निर्णय बरोबर होता, हे मला मान्य आहे. पण तो इतिहासासाठी घेतलेला नव्हता, तो लाँड्रीमुळे घ्यावा लागला होता, आणि माझे मन तिथेच अडते. सलगता राखण्यासाठी पुढच्या सगळ्या प्रसंगांत त्या आठ जणांना कोटावरच ठेवावे लागले. त्यांचे आठ झगे मी नंतर चहात बुडवून, वाळवून घडी घातले. ते कॅमेऱ्यासमोर आलेच नाहीत.